लिव्हरला दहा टिचक्या

सुई नाही, टाके नाहीत, दहा मिनिटांत रिपोर्ट हातात! लिव्हर किती कडक झालंय हे सांगणारी चाचणी आमच्या पोलादपूरच्या मामांनी दोनदा केली. दोन्ही वेळा आकडा वेगळा आला...

मामींचा फोन आला तेव्हा मी लोअर परळच्या एका कॅफेत लॅपटॉप उघडून बसले होते. डेडलाइन डोक्यावर, कॉफी थंड. फोनवर आधी नुसता हुंदका, मग एक वाक्य. ‘तुझ्या मामांच्या लिव्हरचा सेकंड स्टेज हाय म्हणतात!’

सेकंड स्टेज? कसला? मामींना तेवढंच माहीत. महाडला सोनोग्राफी केली होती, कागदावर इंग्रजीत काहीतरी ‘दोन’ लिहिलं होतं, आणि वाडीतल्या एका शिकलेल्या पोराने त्याचा अर्थ ‘सेकंड स्टेज’ असा लावून दिला होता. बाकी काम गावाने केलं. दुसऱ्या दिवशी पाण्याच्या टाकीपाशी चर्चा सुरू... ‘माळ घालून गुपचूप पीत असणार. उगाच नाही लिव्हर जात.’

आता आमचे मामा म्हणजे पक्के माळकरी. एकादशी चुकत नाही, कांदा-लसूणसुद्धा चातुर्मासात बंद. महाडच्या एमआयडीसीत वीस-बावीस वर्षं शिफ्ट केली, आता थोडी शेती आणि छोटं दुकान. अंगाने काटक. शर्टाआड थोडंसं पोट, बस. शुगर मात्र नऊ वर्षांपासूनची. मी दुसऱ्या दिवशी एसटीने गेले तर मामा ओटीवर भिंतीला टेकून बसलेले. ‘अगं बाय, मी आयुष्यात थेंबाला शिवलो न्हाय. आता माळ काढून ठेवू काय?’

खरं सांगते, त्यांना लिव्हरचं टेन्शन कमी होतं. माळेचं जास्त होतं.

ग्रेड म्हणजे स्टेज नव्हे!

मी रिपोर्ट हातात घेतला. लिहिलं होतं ‘ग्रेड टू फॅटी लिव्हर’. मंडळी, तुमच्यापैकी ज्यांनी ऑफिसच्या अ‍ॅन्युअल चेकअपमध्ये सोनोग्राफी केली असेल, त्यांच्यातल्या बऱ्याच जणांच्या फाइलमध्ये हे शब्द सापडतील. बहुतेकांनी ते वाचून फाइल ड्रॉवरमध्ये टाकली असेल. मामींनी उलटं केलं, त्या रडल्या. दोन्ही चूकच.

सोनोग्राफीत चरबीने भरलेलं लिव्हर पडद्यावर जास्त पांढरं, चकचकीत दिसतं. किती चकचकीत, त्यावरून ग्रेड एक, दोन, तीन. हा चरबीचा हिशेब झाला. ‘स्टेज’ ही वेगळीच भानगड. लिव्हरला वर्षानुवर्षं इजा होत राहिली, मग ती दारूने असो, हिपॅटायटिसच्या विषाणूने असो नाहीतर चरबी आणि शुगरने, तर ती भरून काढताना आत व्रण तयार होतात. गुडघ्यावरच्या जुन्या जखमेचा वण कसा कडक लागतो, तसेच. याला म्हणतात फायब्रोसिस, आणि त्याचे टप्पे एफ-शून्य ते एफ-चार. एफ-चार म्हणजे सिऱ्होसिस. पेशंटचं पुढे काय होणार हे सगळ्यात जास्त या व्रणांवर ठरतं. चरबीच्या ग्रेडवर तितकं नाही.

आणि गंमत म्हणजे (गंमत कसली!) ग्रेड एकवाल्याला आत भरपूर व्रण असू शकतात, ग्रेड तीनवाल्याला अजिबात नसू शकतात. सिऱ्होसिस खूप पुढे गेला की चरबी उलट कमी दिसायला लागते. एसजीपीटी नॉर्मल आलं म्हणून सुटलो असंही नाही. लिव्हरच्या आतल्या भागाला दुखणं कळत नाही, त्यामुळे ते कुरकुरही करत नाही. साध्या सोनोग्राफीला सुरुवातीचे व्रण दिसत नाहीत. मग ते बघायचे कसे?

पण दारूशिवाय कसं?

हा प्रश्न पाण्याच्या टाकीवरचा, म्हणून आधी त्याचा निकाल लावू.

पुण्याच्या केईएम हॉस्पिटलचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक हे नाव डायबेटिसवाल्यांना नवीन नाही. २००४मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये त्यांनी आणि लंडनच्या डॉ. जॉन युडकिन यांनी स्वतःचाच फोटो छापला. दोघे शेजारी शेजारी, दोघांचा बीएमआय एकच, २२.३. म्हणजे वजनकाट्याच्या हिशेबाने दोघेही एकदम फिट. पण अंगातली चरबी? युडकिनसाहेबांची ९.१ टक्के, आपल्या याज्ञिकांची २१.२ टक्के! बाहेरून बारीक आणि आतून जाडा असा हा आपला देशी फंडा. ही आतली चरबी पोटात आणि लिव्हरमध्ये जाऊन बसते. त्यात शुगर असेल तर बघायलाच नको. काटक मामांचं लिव्हर असं भरलं. भात तीन वेळा, शिफ्टमधली झोप, वर दिवसाला सहा-सात कप गोड चहा. दारूचा थेंब लागला नाही.

डॉक्टरांनी याचं नावसुद्धा बदललंय. २०२३पर्यंत इंग्रजी नावातच ‘दारूमुळे नसलेलं’ असा शेरा होता. आता त्याऐवजी ‘मेटाबॉलिक’ म्हणजे चयापचयाशी जोडलेलं असं नाव आलंय. मामांना हे मी सांगितलं तेव्हा ते पहिल्यांदा जरा सरळ बसले.

विषाणूची गोष्ट तर अख्ख्या देशाला माहीत असलेल्या माणसाची आहे. १९८२मध्ये ‘कुली’च्या शूटिंगला झालेल्या अपघातानंतर अमिताभ बच्चनना दोनेकशे रक्तदात्यांचं रक्त चढवलं गेलं. त्यातून हिपॅटायटिस बी शिरला, आणि साधारण अठरा वर्षांनी एका नेहमीच्या तपासणीत कळलं की लिव्हरचा ७५ टक्के भाग निकामी झालाय. हे त्यांनी स्वतःच अनेकदा जाहीरपणे सांगितलंय. अठरा वर्षं! ॲक्शन, डान्स, ‘केबीसी’चं पहिलं पर्व, सगळं चालू, आणि आत हे.

तिसरी गोष्ट आजीने काढली. आमच्या आजीची पितळेची भांडी अजून माळ्यावर आहेत. कल्हईवाला यायचा बंद झाला तेव्हा तिने ती वापरणं सोडलं. एके काळी महाराष्ट्रात तान्ह्या मुलांना सिऱ्होसिस व्हायचा. एक-दोन वर्षांची पोरं, पोट फुगायचं, बहुतेक दगावायची. १९८०च्या दशकात पुण्याच्या केईएममध्येच डॉ. शीला भावे, डॉ. आनंद पंडित आणि ब्रिटनचे डॉ. स्टुअर्ट टॅनर यांनी शोध घेतला आणि बोट ठेवलं ते कल्हई नसलेल्या तांब्या-पितळेच्या भांड्यात तापवलेल्या, साठवलेल्या दुधावर. दुधात तांबं उतरायचं, ते बाळाच्या लिव्हरमध्ये साठायचं. भांडी बदलली, आजार जवळजवळ नाहीसा झाला. लवकर सापडलेल्या काही मुलांना औषधाने वाचवताही आलं. पण त्या काळी ‘लवकर सापडणं’ म्हणजे काय? त्या एवढ्याशा बाळाच्या बरगड्यांमधून सुई घालून लिव्हरचा तुकडा काढणं. दुसरा मार्गच नव्हता.

सुई ते टिचकी

बायोप्सी हा अजूनही बऱ्याच प्रश्नांचा शेवटचा न्यायाधीश आहे. पण तिचा एक विनोद ऐका. सुईत जो तुकडा येतो तो अख्ख्या लिव्हरचा साधारण पन्नास हजारावा भाग असतो. म्हणजे एक शीत काढून लग्नाच्या पंगतीचा भात शिजलाय का हे ठरवायचं. बहुतेक वेळा जमतं. पण शीत नेमकं कडेचं निघालं तर? वर दुखणं, क्वचित रक्तस्राव, काही तास हॉस्पिटलात पडून राहणं. दर वर्षी कोण करून घेणार?

मग फ्रेंच डोकी कामाला लागली. पॅरिसच्या एकोसेन्स कंपनीने २००३मध्ये ‘फायब्रोस्कॅन’ नावाचं मशीन आणलं. अमेरिकेच्या एफडीएने त्याला एप्रिल २०१३मध्ये मान्यता दिली, म्हणजे दहा वर्षं उशिरा. फायब्रोस्कॅन हे खरं तर ब्रँडनेम. पण जसं कुठलीही फोटोकॉपी म्हणजे झेरॉक्स, तसं ही टेस्ट म्हणजे फायब्रोस्कॅन हे आता रूढ झालंय.

फंडा काय? कलिंगड घेताना आपण टिचकी मारून बघतो ना, सेम तेच. उताणं झोपायचं, उजवा हात डोक्याखाली. उजव्या बरगड्यांच्या फटीत थंडगार जेल, त्यावर जाड पेनासारखा प्रोब. बटण दाबलं की प्रोबचं टोक हलकी ‘ठक’ देतं. त्या धक्क्याने आत एक लहर निघते, आणि त्याच प्रोबमधलं अल्ट्रासाउंड त्या लहरीचा पाठलाग करून तिचा वेग मोजतं. खरवसाच्या वडीला बोट लावलं तर ती हळू डुलते. सुक्या खोबऱ्याच्या वाटीला टिचकी मारा, खणकन वाजते. मऊ गोष्टीत लहर सावकाश जाते, कडक गोष्टीत पळते.

किती पळते? निरोगी लिव्हरमध्ये लहरीचा वेग सेकंदाला साधारण १.३ मीटर असतो. म्हणजे शिवाजी पार्कला मॉर्निंग वॉक करणाऱ्या माणसाचा वेग! या वेगाचा वर्ग करायचा, तिनाने गुणायचं, की झाला कडकपणा, ५ किलोपास्कल. लिव्हर कडक झालं आणि लहर सेकंदाला २ मीटर, म्हणजे हलक्या जॉगिंगच्या वेगाने धावायला लागली, तर आकडा येतो १२. चालणं आणि जॉगिंग. एवढ्याशा फरकात निरोगी माणूस आणि काळजी करण्यासारखा माणूस वेगळे पडतात. मला हे वाचून सॉलिड वाटलं होतं!

मशीन कातडीखाली अडीच ते साडेसहा सेंटिमीटर या पट्ट्यात मोजतं. जाड माणसांसाठी आणखी खोल बघणारा वेगळा प्रोब असतो. सुईच्या तुकड्यापेक्षा किमान शंभरपट मोठा भाग यात तपासला जातो. सोबत चरबीचाही एक आकडा मिळतो, त्याला कॅप म्हणतात.

याची भावंडंही आहेत. नव्या सोनोग्राफी मशीनमध्ये ‘शिअर वेव्ह’ नावाची सोय असते, त्यात धक्का ध्वनिलहरींनीच देतात आणि लिव्हरचं चित्रही समोर दिसतं. आणि सगळ्यात थोरला एमआर इलास्टोग्राफी. अमेरिकेच्या मेयो क्लिनिकमध्ये डॉ. रिचर्ड एहमन यांच्या टीमने १९९५मध्ये तो जगासमोर मांडला. एमआरआयच्या बोगद्यात छातीच्या खाली एक चपटी डबी बांधतात, ती सेकंदाला साठ वेळा थरथरते, आणि जवळजवळ अख्ख्या लिव्हरचा नकाशा मिळतो. सगळ्यात अचूक, सगळ्यात महाग. तो मोठ्या शहरांच्या बाहेर सहसा भेटत नाही.

१२.६!

मी हे सगळं वाचून मामांना समजावून सांगेपर्यंत गावाकडे वेगळंच घडून गेलं होतं. तालुक्याच्या बाजूला एके ठिकाणी लिव्हर तपासणीचं मोफत शिबिर लागलं. अशी शिबिरं हल्ली बरीच होतात. मशीन एका दिवसापुरतं येतं, रांग लागते, संध्याकाळी मशीन पुढच्या गावाला. मामा गेले. मामींनी ‘उपाशी जाऊ नका, चक्कर येईल’ म्हणून भाकरी, पिठलं आणि वर भात खाऊ घालून पाठवलं. तिथे कोणी विचारलं नाही की काही खाल्लंय का. ठकठक झाली, चिठ्ठी हातात पडली. १२.६ किलोपास्कल. चिठ्ठीवरच्या रंगीत तक्त्यात बाण तांबड्यापाशी.

यावेळी मामींनी फोनसुद्धा केला नाही. चिठ्ठी देव्हाऱ्यात ठेवली. तिचा फोटो मला मामेभावाने पाठवला, दोन दिवसांनी.

आता इथे जरा थांबा, कारण तुमच्या हातात असा कागद आला तर हेच बघायचंय. आकड्याच्या खाली बारीक अक्षरात आणखी दोन गोष्टी असतात. एक, किती वेळा मोजलं. किमान दहा बरोबर मोजण्या हव्यात, आणि रिपोर्टचा आकडा म्हणजे त्यातला मधला. दुसरी, आयक्यूआर आणि मधल्या आकड्याचं प्रमाण. सोप्या मराठीत, दहा वेळचे आकडे एकमेकांशी किती भांडतायत. हे ३० टक्क्यांच्या आत असलं पाहिजे. मामांच्या चिठ्ठीवर होते ४१ टक्के. म्हणजे मशीन स्वतःच सांगत होतं, ‘माझ्यावर फार विश्वास ठेवू नका.’ पण ते वाचणार कोण? सगळ्यांचं लक्ष तांबड्या बाणाकडे.

आणि जेवण! जेवल्यावर आतड्यांतून लिव्हरकडे रक्ताचा ओघ वाढतो, लिव्हर तुडुंब भरतं आणि तात्पुरतं कडक होतं. भरलेली रबरी पिशवी दाबून बघा, तसं. म्हणून टेस्टच्या आधी निदान तीन तास पोट रिकामं हवं. कावीळ जोरात असेल, पित्तनलिका तुंबली असेल, हार्ट फेल्युअर असेल, तरी आकडा फुगतो. पोटात पाणी झालं असेल तर ही टेस्ट होतच नाही, लहर पाण्यातून पुढे जात नाही.

शिबिरावर माझा राग आहे का? आहे. पण मशीनवर नाही. ‘जेवलात का?’ हा आपल्याकडे दारात आलेल्या कोणालाही विचारला जाणारा प्रश्न. नेमका तो तिथे विचारला गेला नाही.

कागद-पेन्सिलचा फंडा

मग मी एक काम केलं, जे खरं तर सगळ्यात आधी व्हायला हवं होतं. मामांचे जुने रक्ताचे रिपोर्ट मागवले. एफआयबी-फोर नावाचा एक हिशेब आहे, २००६मध्ये आलेला, मुळात एचआयव्ही आणि हिपॅटायटिस सी एकत्र असलेल्या पेशंटांसाठी बनवलेला. नवीन टेस्ट नाही, मशीन नाही. चार आकडे लागतात. वय, एसजीओटी, एसजीपीटी आणि प्लेटलेट्स.

मामांचं वय ५६, एसजीओटी ४५. गुणाकार २५२०. प्लेटलेट्स एक लाख ऐंशी हजार, म्हणजे हिशेबात १८०. एसजीपीटी ४९, त्याचं वर्गमूळ ७. १८० गुणिले ७ म्हणजे १२६०. पहिल्याला दुसऱ्याने भागा, उत्तर २.०.

१.३च्या खाली आलं तर जास्त व्रण असण्याची शक्यता फार कमी, शुगर असेल तर दर एक-दोन वर्षांनी पुन्हा हिशेब करायचा. २.६७च्या वर आलं तर थेट लिव्हरच्या डॉक्टरांकडे. मधे आलं तर मशीनवर जायचं. मामा मधे. म्हणजे त्यांना चाचणी खरोखरच हवी होती, फक्त नीट व्हायला हवी होती. (वय ६५च्या पुढे असेल तर १.३च्या जागी २.० धरतात. आणि पस्तिशीच्या आतल्यांनो, हा हिशेब तुमच्यासाठी भरवशाचा नाही. मी माझा करून बघितला, मस्त आला, आणि मग ही ओळ वाचली!)

पोलादपूरच्या ओटीवर, वहीच्या मागच्या पानावर, मोबाइलच्या कॅल्क्युलेटरने जे दोन मिनिटांत कळलं त्यासाठी आम्ही तीन आठवडे रडत होतो.

पाचची एसटी, दोनची अपॉइंटमेंट

डॉक्टरांनी मुंबई नाहीतर पुणे सांगितलं. पावसाळ्यात वरंध घाटाचा भरवसा नाही, म्हणून मुंबई. जवळजवळ दोनशे किलोमीटर. मामा-मामी पहाटेच्या एसटीने निघाले. मी फोनवर दहादा बजावलं होतं, पहाटे भाकरी खा, त्यानंतर फक्त पाणी. वडखळला सगळी बस वडापाववर तुटून पडली, मामा खिडकीशी हरिपाठ म्हणत बसले. मामी सांगत होती, शेजारच्या माणसाने त्यांना प्रसाद म्हणून पेढा देऊ केला तोही त्यांनी कागदात बांधून ठेवला.

दोन वाजता आत गेले. टेक्निशियन मुलगी माझ्याच वयाची. तिचा पहिला प्रश्न, ‘काका, शेवटचं कधी खाल्लं?’ मला तिला मिठी मारावीशी वाटली. ठक... ठक... मामा डोळे मिटून. दहा झाल्या, तिने आणखी दोन घेतल्या. बाहेर येऊन मामा म्हणाले, ‘आतून कोणी कडी वाजवल्यासारखं झालं.’

आकडा ९.१. भांडण १४ टक्के. कॅप २९१, म्हणजे चरबी भरपूर.

डॉक्टरांनी समजावलं ते असं. या आजारात ८च्या खाली असेल तर मोठे व्रण नाहीत असं मानून निश्चिंत राहता येतं. १२च्या वर असेल तर गाडी गंभीर वळणावर आहे. मामा मधल्या पट्ट्यात. काही व्रण आहेत, पण १०च्या खाली असल्यामुळे सिऱ्होसिस जवळजवळ नाहीच. हिपॅटायटिस बी आणि सीची रक्ततपासणी लिहून दिली, दोन्ही निगेटिव्ह आल्या. एमआर इलास्टोग्राफीचा विषय निघाला, पण त्यांनीच सांगितलं की आत्ता गरज नाही. शुगर ताब्यात आणा, वजन सात-आठ टक्के उतरवा, वर्षाने परत मोजू. मामांचं वजन ६८. म्हणजे पाच किलो. वजन दहा टक्के उतरलं तर व्रणसुद्धा मागे हटू शकतात हे ऐकून मामी भाताच्या पातेल्याचा हिशेब मनात करायला लागली, मला तिच्या चेहऱ्यावर दिसलं.

आम्ही अडीच हजार मोजले. एसटी, रिक्षा, मामांच्या दुकानाची बंद राहिलेली दोन दिवसांची गिऱ्हाइकी वेगळी.

चेक आला बाराशेचा

त्याच आठवड्यात मला इनबॉक्समध्ये एक ऑफर आली. ‘यंग अ‍ॅचिव्हर्स’साठी लिव्हर पॅकेज, फायब्रोस्कॅनसकट, मित्राला आणा आणि डिस्काउंट मिळवा! मी २८ वर्षांची, शुगर नाही, लठ्ठपणा नाही, दारू नावापुरती. मला काय करायचंय ते?

इथे महाडच्याच एका डॉक्टरांची आठवण काढायलाच हवी. डॉ. हिंमतराव बावस्कर. १९७६मध्ये बिरवाडीच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात रुजू झालेला हा माणूस. विंचू चावून माणसं मरत होती, त्यांनी प्राझोसिन हे साधं ब्लडप्रेशरचं औषध वापरून ती वाचवली आणि ते ‘लॅन्सेट’मधून जगाला सांगितलं. २०२२मध्ये पद्मश्री. पण मला जास्त आवडते ती त्यांची २०१३मधली गोष्ट. त्यांनी एका पेशंटला एमआरआयसाठी पुण्याला पाठवलं. काही दिवसांनी त्या सेंटरकडून त्यांच्या नावे चेक आला, १,२०० रुपयांचा. पेशंट पाठवल्याबद्दल! बावस्करांनी तो खिशात घातला नाही. थेट महाराष्ट्र मेडिकल कौन्सिलकडे तक्रार केली, आणि ‘कट प्रॅक्टिस’ हा डॉक्टरांमध्ये कुजबुजला जाणारा शब्द पेपरच्या पहिल्या पानांवर आला.

सुई नसलेल्या टेस्टचा हाच धोका आहे. बायोप्सी करायची तर डॉक्टर दहादा विचार करतो, पेशंट वीसदा. टिचकीला कोण नाही म्हणणार? मग जिला गरज नाही ती मी पॅकेजमध्ये टेस्ट करून घेते, आणि ज्याला गरज आहे तो माणूस दोनशे किलोमीटर प्रवास करतो.

गरज कोणाला? ज्यांना शुगर आहे, ज्यांचा पोटाचा घेर वाढलाय आणि सोबत बीपी, ट्रायग्लिसराइड्सही वर आहेत, जे नियमित पितात, ज्यांना हिपॅटायटिस बी किंवा सी आहे. तुम्ही तिशीत असाल आणि यात बसत असाल तर डॉक्टरांशी जरूर बोला. नसाल तर त्या पैशात बूट घ्या, चालायचे.

सरकारी कागदावर हे सगळं आलंय. फेब्रुवारी २०२१मध्ये केंद्राने फॅटी लिव्हर हा डायबेटिस-बीपीच्या राष्ट्रीय कार्यक्रमात घेतला, सप्टेंबर २०२४मध्ये त्याच्या सुधारित सूचना निघाल्या. आशाताई घरोघरी तिशीच्या पुढच्यांचा जो फॉर्म भरतात, त्यात कंबरेचा घेर आहेच. पुरुषाचा ९० सेंटिमीटर, बाईचा ८०, याच्या वर गेला की गुण लागतात. पुढची पायरी रक्ताची तपासणी आणि तो दोन मिनिटांचा भागाकार. मला विचाराल तर महाड-पोलादपूरला एक दिवसाच्या मशीनआधी हा भागाकार हवाय. मशीन मग ठरलेल्या दिवशी, ठरलेल्या माणसांसाठी आणि रिकाम्या पोटी.

पुढची तारीख

परवा पुन्हा पोलादपूरला गेले होते. मामांचं वजन साडेतीन किलो उतरलंय. चहा दोन कपांवर आलाय, तोही बिनसाखरेचा, आणि त्याबद्दल ते अजून रुसलेले आहेत. कॉफी लिव्हरला बरी असं बऱ्याच अभ्यासांत दिसलंय म्हणून मी एक बाटली नेली होती, ती मामींनी पाहुण्यांसाठी वर ठेवून दिली. भजनाला मामा पहिल्यासारखे पुढे बसतात. पाण्याच्या टाकीपाशी त्यांनी स्वतःच जाऊन रिपोर्ट वाचून दाखवला म्हणे, किलोपास्कलसकट.

भिंतीवरचं कॅलेंडर उतरवून आम्ही पुढच्या टेस्टचा महिना बघत होतो. मामांनी चष्मा लावून एका तारखेवर बोट ठेवलं. ‘ही धर. एकादशी हाय. तसाही उपास असतो.’

आतून मामींचा आवाज आला, ‘उपास? दोन वाट्या साबुदाण्याची खिचडी आणि वर दाण्याची आमटी... त्यापेक्षा द्वादशी धर गं बाय!’